अ‍ॅनिमेतली माणसं इतका वेळ नुसती उभी का असतात, आणि मग पाहावं काय?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा आहे. मुलगी अकरावीत आहे आणि घरात सतत अ‍ॅनिमे, म्हणजे जपानी अ‍ॅनिमेशन, चालू असतं. तिच्या शेजारी बसून तुम्ही तीन-चार मालिकांचे काही भाग पाहिलेत. माणसं उभ्याउभ्या बोलत राहतात, ओठ तेवढे हलतात, मागचे ढगही जागचे सरकत नाहीत. मग एकदम मारामारी सुरू होते आणि पडद्यावर नुसता लखलखाट. हे स्वस्तात उरकलेलं काम नाही का, याचं एवढं कौतुक कशासाठी, आणि तिच्याबरोबर बसून पाहावं असं यात खरोखर काय आहे?

मी बावीस वर्षं टू-डी अ‍ॅनिमेशन करते आहे. सुरुवात मुंबईत लाइटबॉक्ससमोर झाली. बाहेरदेशच्या मालिकांचं काम आमच्याकडे यायचं आणि मी इनबिटवीनर होते, म्हणजे दोन मुख्य चित्रांच्या मधली चित्रं काढणारी. आता पुण्यात काम करते आणि शिकवतेही. त्यामुळे पुढची सगळी मतं हाताने चित्रं काढणाऱ्या बाईची आहेत. कथेपेक्षा माझं लक्ष आधी रेषेकडे जातं.

तुमच्या डोळ्यांनी टिपलंय ते बरोबर आहे. पडद्यावर सेकंदाला 24 फ्रेम जातात. प्रत्येक फ्रेमला नवं चित्र दिलं तर आम्ही म्हणतो काम 'वन्सवर' आहे. दोन फ्रेमना एक चित्र म्हणजे 'टूजवर', सेकंदाला 12 चित्रं. जपानी टीव्हीवर तीन फ्रेमना एक, म्हणजे सेकंदाला 8 चित्रं, हे सर्रास चालतं. चित्र बदललंच नाही तर तो 'होल्ड'. ही रीत रुळली ती 1 जानेवारी 1963 पासून. त्या दिवशी ओसामू तेझुका यांची 'तेत्सुवान अटोम', म्हणजे बाहेरच्या जगाची 'अ‍ॅस्ट्रो बॉय', फुजी टीव्हीवर सुरू झाली. दर आठवड्याला अर्ध्या तासाचा भाग द्यायचा होता. माणसं मोजकी होती आणि पैसा त्याहून मोजका. मग शरीर तसंच ठेवून तोंड तेवढं बदलायचं, एकदा काढलेलं उडण्याचं दृश्य जपून ठेवून पुन्हा वापरायचं, स्थिर चित्रावरून कॅमेरा सरकवायचा, अशा युक्त्या कामी आल्या. साठ वर्षांनंतरही उद्योग त्याच पायावर उभा आहे.

पण काटकसर आणि कंजुषी यांत फरक असतो, हे आपल्याकडे कुणाला समजावून सांगावं लागत नाही. वर्षभर हात राखून राहणारं घर लेकीच्या लग्नात मोकळ्या हाताने खर्च करतं. कंजूष माणूस तिथेही पंगतीत हात आखडतो. अ‍ॅनिमे पाहताना मी एवढंच बघते: चित्रं कुठे वाचवली, आणि वाचवलेली कशावर उधळली. माझी आवडनिवड सगळी यावरच ठरते.

होल्डचं टोकाचं उदाहरण 'निऑन जेनेसिस इव्हँजेलियन'मध्ये आहे. हिदेआकी आन्नो यांची ही 26 भागांची मालिका 1995-96 मधली. बाविसाव्या भागात दोन मुली लिफ्टमध्ये उभ्या आहेत. एकमेकींशी पटत नाही, बोलायचं काही नाही. जवळजवळ पन्नास सेकंद चित्र हलत नाही. ऐकू येते ती लिफ्टची घरघर. चोविसाव्या भागात तर नायकाच्या यंत्राच्या मुठीत त्याचा मित्र आहे, मागे बीथोव्हेनची नववी सिंफनी वाजते आहे आणि चित्र साधारण मिनिटभर गोठलेलं आहे. निर्मात्याच्या नजरेतून हा फुकटात पडलेला एक मिनिट. पाहणाऱ्याला मात्र तो मिनिट संपता संपत नाही, कारण त्या मुलाला जो निर्णय घ्यायचा आहे तो आपल्यालाही घ्यावासा वाटत नाही. हात हलला असता, पापणी लवली असती, तर ताण तिथेच सुटला असता. शेवटच्या दोन भागांबद्दल माझं मत तेवढं चांगलं नाही. कच्ची रेखाटनं, पडद्यावर अक्षरं, जुनीच दृश्यं फिरवून. वेळ हातातून निसटल्याच्या खुणा लपत नाहीत. धाडस आहे, पण सगळ्या धाडसाला मी कला म्हणणार नाही. आणि ही मालिका सुरुवातीला पाहू नका. तिच्यात नैराश्य फार खोल आहे.

सुरुवात करायची ती इसाओ ताकाहाता आणि हायाओ मियाझाकी यांच्यापासून, आणि इथे मी जरा रेंगाळणार आहे.

16 एप्रिल 1988 रोजी जपानमध्ये एकाच तिकिटावर दोन सिनेमे दाखवले गेले: मियाझाकींचा 'माय नेबर टोटोरो' आणि ताकाहातांचा 'ग्रेव्ह ऑफ द फायरफ्लाइज'. एकात दोन बहिणी रानातल्या एका प्रचंड, मऊ जिवाशी मैत्री करतात. दुसऱ्यात युद्ध संपतासंपता एक भाऊ आणि त्याची चार वर्षांची बहीण उपाशी मरतात. दोन्ही एका बैठकीत पाहिलेल्या माणसांचं त्या दिवशी काय झालं असेल, याचा विचार मी अजूनही करते.

'टोटोरो'मधला बसथांब्याचा प्रसंग आमच्या वर्गात दरवर्षी मी दाखवते. पाऊस पडतो आहे, थोरली बहीण वडिलांची वाट बघत उभी आहे, धाकटी पाठीवर झोपली आहे. एक बेडूक चालत जातो. दिव्याखाली पाणी ठिबकतं. मग शेजारी ते प्रचंड धूड येऊन उभं राहतं, डोक्यावर एक पान धरून. ती त्याला छत्री देते. छत्रीवर झाडाचे थेंब टपटपतात आणि त्याचे डोळे विस्फारतात. प्रसंगात 'घडतं' एवढंच. पण प्रत्येक थेंबाचं टायमिंग कुणीतरी बसून ठरवलेलं आहे. दोन थेंबांमधला वेळ सारखा ठेवला असता तर तो नळ झाला असता. तो कमीजास्त आहे म्हणून झाड आहे. मियाझाकी या मधल्या मोकळ्या वेळाला 'मा' म्हणतात. अमेरिकी समीक्षक रॉजर एबर्ट यांना समजावताना त्यांनी टाळ्या वाजवून दाखवल्या होत्या आणि दोन टाळ्यांमधला वेळ म्हणजे 'मा' असं सांगितलं होतं. ज्याने मैफिलीत विलंबित ख्याल ऐकलाय, समेची वाट पाहिली आहे, त्याला हे सहज कळेल.

'ग्रेव्ह'मध्ये माणसांच्या बाह्यरेषा काळ्या नाहीत, तपकिरी आहेत. ऐकायला ही किरकोळ बाब वाटते, पण त्यामुळे माणसं कागदावरून कापून चिकटवल्यासारखी दिसत नाहीत. मागच्या मातीत आणि धुरात मिसळून जातात. मला सगळ्यात जास्त टोचतो तो शाळेच्या मैदानावरचा प्रसंग. आई भाजून मरणाच्या दारात आहे, धाकटीला सांगितलेलं नाही, तरी ती उकिडवी बसून रडायला लागते. भावाला तिला कसं समजवावं ते कळत नाही. तो जाऊन लोखंडी बारवर कोलांट्या मारू लागतो. एकामागून एक. कॅमेरा लांब आहे, चेहरे दिसत नाहीत. इथे त्याचा रडका चेहरा जवळून दाखवणं सोपं होतं, चित्रंही कमी लागली असती. ताकाहातांनी खर्च केला तो त्या निरर्थक कोलांट्यांवर. ते स्वतः नऊ वर्षांचे असताना ओकायामावरच्या बॉम्बहल्ल्यातून वाचले होते. मुलं दुःखात काय करतात हे त्यांनी कल्पनेने काढलेलं नाही, असं मला प्रत्येक वेळी वाटतं. हा सिनेमा मी तीनदा पाहिला. चौथ्यांदा धीर होत नाही. मुलीसोबत पाहणार असाल तर दुसऱ्या दिवशी सुट्टी असेल असं बघा.

त्याच काळाबद्दल सुनाओ काताबुची यांचा 2016 चा 'इन धिस कॉर्नर ऑफ द वर्ल्ड' आहे. हिरोशिमाची एक मुलगी कुरे या नौदलाच्या बंदरात सून म्हणून येते. रेशन कमी होत जातं, ती रानभाज्या घालून जेवण पुरवते, चित्रं काढते, विसरभोळेपणाने सासरी बोलणी खाते. अर्धा सिनेमा स्वयंपाकघरात आहे. युद्ध अंगणात हळूहळू शिरतं. माझ्या मते हा 'ग्रेव्ह'च्या तोडीचा आहे आणि आपल्याकडे त्याची चर्चा फारच कमी होते, याचं मला खरोखर वाईट वाटतं.

ताकाहातांचा शेवटचा सिनेमा, 2013 चा 'द टेल ऑफ द प्रिन्सेस कागुया', पूर्ण व्हायला आठ वर्षं लागली. बांबूत सापडलेली मुलगी राजधानीत आणून राजकन्या म्हणून सजवली जाते. तिच्या नामकरणाच्या मेजवानीत पाहुणे तिच्याबद्दल वाटेल ते बोलतात, आणि ती पळत सुटते. दारं फोडत, अंगावरची रेशमी वस्त्रं एकामागून एक टाकत. इतका वेळ जलरंगात शांत असलेली रेषा इथे कोळशाने ओरबाडल्यासारखी होते. चेहरा चेहरा राहत नाही, डोंगर नुसता फराटा होतो. आम्हाला शिकवलं जातं की पात्र 'ऑन मॉडेल' हवं, म्हणजे प्रत्येक चित्रात नाकडोळे ठरल्याप्रमाणे. मीही वर्षानुवर्षं तेच शिकवलं. हे दृश्य पाहिल्यावर दुसऱ्या दिवशी वर्गात मुलांना सांगितलं, आज मॉडेल शीट बाजूला ठेवा, रागाने पळणारं माणूस काढा. त्या दिवशीची चित्रं मी जपून ठेवली आहेत.

मियाझाकींचं सगळ्यात गाजलेलं काम 'स्पिरिटेड अवे', 2001 चं. बर्लिनला गोल्डन बेअर, मग ऑस्कर. कौतुक सगळीकडे वाचायला मिळेल, म्हणून एकच सांगते: चिहिरोला भाताचा गोळा देतात आणि ती खाताखाता रडायला लागते, तो क्षण बघा. अश्रू प्रमाणाबाहेर मोठे आहेत. खोटे वाटत नाहीत, कारण तोवर ती एकदाही मोकळेपणाने रडलेली नाही.

'अकिरा' (1988, कात्सुहिरो ओतोमो) म्हणजे काटकसर नावाची गोष्टच नाही. संवाद आधी रेकॉर्ड करून ओठ त्याबरहुकूम काढले, जे जपानमध्ये सहसा उलट चालतं. रात्रीच्या शहरातून मोटरसायकली जातात तेव्हा मागच्या लाल दिव्यांच्या रेघा हवेत राहतात, ते काम पाहून मी खुर्चीत पुढे सरकले होते. कथा मात्र शेवटाकडे गर्दीत हरवते. डोळ्यांसाठी पाहा. आणि त्यातली हिंसा बीभत्स आहे, हे आधी माहीत असू द्या.

सातोशी कोन यांच्याबद्दल मला बोलायला लागलं की थांबता येत नाही. त्यांनी चार सिनेमे आणि एक मालिका केली आणि 2010 मध्ये 46 व्या वर्षी ते गेले. त्यांची करामत हालचालीत नाही, कटमध्ये आहे. 'मिलेनियम अ‍ॅक्ट्रेस'मध्ये एक वृद्ध अभिनेत्री मुलाखत देते आहे. तरुणपणी एकदाच भेटलेल्या माणसाला शोधत ती आयुष्यभर धावली. धावणं एकच, पण कट पडतो तसा काळ बदलतो: ती घोड्यावर आहे, मग घोडागाडीत, मग माणसाने ओढायच्या रिक्षात, मग सायकलवर. तिचे सिनेमे कुठे संपतात आणि आयुष्य कुठे सुरू होतं, हे मुलाखत घेणाऱ्यालाही सांगता येत नाही. खऱ्या कॅमेऱ्याने हे करायला गेलं तर सांधे दिसतात. इथे पोशाख, वाहन, शतक सगळं त्याच एका रेषेने काढलेलं असल्यामुळे नजर अडखळत नाही. अ‍ॅनिमेशनच का, या प्रश्नाचं इतकं स्वच्छ उत्तर मी दुसरीकडे पाहिलेलं नाही. 'परफेक्ट ब्लू'ही त्यांचाच आणि तोही विलक्षण, पण त्यात लैंगिक हिंसेचं चित्रण आहे. तो आधी तुम्ही एकट्याने पाहा.

आता तुम्ही पाहिलेल्या मारामारीच्या मालिका. 'वन पीस' 1999 पासून चालू आहे. कथेत जीव आहे, माणसं लळा लावणारी आहेत. पण 2025 पर्यंत दर आठवड्याला भाग द्यायचा आणि मूळ कॉमिकच्या पुढे जायचं नाही, म्हणून मजकूर ताणला जायचा. चकित झालेले चेहरे एकेक करून दाखवायचे, मागच्या भागाची उजळणी करायचे. तिथे तुम्हाला कंटाळा आला असेल तर तो रास्त आहे. ही कंजुषी म्हणता येणार नाही, वेळापत्रकाची सक्ती होती, पण पाहणाऱ्याचा वेळ जातोच. 'डीमन स्लेअर'ची तक्रार वेगळी. एकोणिसाव्या भागातली झुंज तांत्रिक दृष्ट्या अप्रतिम आहे: हाताने काढलेली पात्रं, संगणकावरची पार्श्वभूमी आणि प्रकाश यांची जोडणी इतकी बेमालूम क्वचित होते. पण नायक मनात काय चाललंय ते सगळं बोलून दाखवतो. बर्फात उभं आहोत, थंडी आहे, श्वास घेणं अवघड आहे, हे चित्रात दिसत असताना तोंडानेही सांगायचं कशाला? चित्रकारांच्या कामावर संहितेने विश्वास ठेवायला हवा होता.

माकोतो शिनकाई यांचे सिनेमे आपल्याकडे थिएटरमध्ये चालले, त्यामुळे मुलीने पाहिले असतील. आकाश, पाऊस, रेल्वेचे रूळ काढण्यात त्यांचा हात धरणारा नाही. सुरुवातीची 'व्हॉइसेस ऑफ अ डिस्टंट स्टार' त्यांनी 2002 मध्ये जवळजवळ एकट्याने, घरच्या संगणकावर केली. पण त्यांच्या जुन्या कामात माणसं त्या आकाशापुढे बाहुल्यांसारखी वाटतात. 'युअर नेम'मध्ये ती पहिल्यांदा वजनदार झाली. तिथे अ‍ॅनिमेशन डायरेक्टर होते मासाशी आंदो, ज्यांनी 'स्पिरिटेड अवे'वरही तेच काम केलं होतं. मुलगा मुलीच्या शरीरात जागा होतो तेव्हा त्याची बसण्याची ढब बदलते, ती बघा. प्रेक्षकांना दिग्दर्शकाचं नाव पाठ असतं, पण पात्राच्या अंगात वजन कुणी घातलं त्याचं नाव श्रेयनामावलीत सरकून जातं. माझ्यासारखीला ते लागतं.

'अ सायलेंट व्हॉइस' (2016, नाओको यामादा) मुलीसोबत नक्की पाहा. कर्णबधिर मुलीला छळणारा एक मुलगा पुढे स्वतः एकटा पडतो आणि खूणभाषा शिकून तिच्याकडे परत जातो. हात काढणं हे आमच्या कामातलं सगळ्यात अवघड काम, आणि इथे संवादच हातांनी होतात. बोट चुकलं की शब्द चुकला. त्या मुलाला माणसांच्या नजरेला नजर देता येत नाही म्हणून सगळ्यांच्या चेहऱ्यावर निळी फुली मारलेली दिसते. शेवटी त्या फुल्या गळून पडतात. हा सिनेमा क्योतो अ‍ॅनिमेशनचा. उद्योगात बरेच इनबिटवीनर चित्रामागे मोजून पैसे घेऊन जगतात, तेव्हा या स्टुडिओने माणसांना पगारावर ठेवलं आणि घरात शिकवून तयार केलं. तो निवांतपणा रेषेत दिसतो. 18 जुलै 2019 रोजी तिथे एका माणसाने आग लावली. 36 माणसं गेली. त्या दिवशी मी कामावर होते. आमच्या खोलीत संध्याकाळपर्यंत कुणी पेन्सिल उचलली नाही.

सगळ्यात आवडती मालिका विचारलीत तर 'मुशिशी', 2005-06, 26 भाग. गिंको नावाचा वैद्यासारखा फिरस्ता गावोगाव जातो आणि डोळ्यांना सहसा न दिसणाऱ्या जिवांमुळे झालेले विचित्र आजार बघतो. खलनायक नाही. ते जीव वाईट नाहीत, फक्त वेगळे आहेत. पहिल्याच भागात एक मुलगा आहे, तो डाव्या हाताने जे काढेल ते जिवंत होतं, म्हणून आजीने त्याला त्या हाताने काढायला मनाई केली आहे. मी तो भाग पाहिला तेव्हा माझी आजी नुकतीच गेली होती. याहून जास्त मला तिथे समीक्षा सुचत नाही. ज्यांना कोकणातल्या राखणदाराच्या, देवराईच्या गोष्टी ऐकत झोपायची सवय होती त्यांना ही मालिका परकी वाटणार नाही.

तसं पाहिलं तर अ‍ॅनिमे तुम्हालाही परकं नाही. 1993 मध्ये दूरदर्शनवर रविवारी सकाळी लागणारं 'जंगल बुक' आठवत असेल, शेरखानला नाना पाटेकरांचा आवाज होता. ते जपानच्या निप्पॉन अ‍ॅनिमेशनने 1989 मध्ये केलेलं काम. आणि त्याच सुमाराचा रामायणावरचा भारत-जपान सिनेमा, ज्याचे एक दिग्दर्शक मुंबईचे राम मोहन होते, तो जानेवारी 2025 मध्ये आपल्याकडे पुन्हा थिएटरमध्ये लागला. शक्य असेल तर मोठ्या पडद्यावरच पाहा, पार्श्वभूमीचं काम त्या लायकीचं आहे.

आणखी दोन नावं घाईत: मासाआकी युआसा यांची 'पिंग पाँग' (2014, अवघे 11 भाग), वेड्यावाकड्या रेषेत काढलेली आणि तरी खेळाडूंची शरीरं अगदी खरी, आणि 'फ्रीरेन', पहिला सीझन 28 भागांचा, जिची सुरुवातच दहा वर्षांची मोहीम संपल्यानंतर होते. सोबत्याच्या अंत्यविधीला फ्रीरेन, माणसाहून कितीतरी जास्त जगणाऱ्या एल्फ जमातीतली नायिका, रडते, कारण त्याला ओळखून घ्यायला वेळ होता आणि तिने घेतला नाही.

माझा सल्ला असा, की मुलीसोबत आधी 'टोटोरो' पाहा, मग 'अ सायलेंट व्हॉइस', मग युआसांचीच 'कीप युअर हँड्स ऑफ एइझोकेन' ही 2020 ची 12 भागांची मालिका. तीन शाळकरी मुली स्वतः अ‍ॅनिमे बनवायला घेतात. सातव्या भागात त्यांतल्या एकीचं लहानपण येतं. तिची आजी हातातल्या भांड्यातला उरलेला चहा अंगणात भिरकावते आणि ही बघत राहते: खांदा कुठून वळला, मनगट कधी सुटलं, चहा हवेत कसा पसरला. मग स्वतः तेच करून बघते, पुन्हा पुन्हा. तो भाग लागला की टीव्ही थांबवा आणि मुलीला सांगा, एकेक फ्रेम पुढे सरकव.